टेक्ससमध्ये पिस्तूल बाळगण्याचा परवाना: ग्रीन कार्डवाल्या मराठी माणसाने कुठून सुरुवात करावी

ग्रीन कार्ड हातात आलं, ह्यूस्टन किंवा डॅलसच्या आसपास घर घेतलं, की ऑफिसमधला कुणीतरी सहकारी हमखास म्हणतो, "आता एक हँडगन घेऊन टाक, टेक्ससमध्ये लायसन्स लागतच नाही." यातलं शेवटचं वाक्य खरं आहे. १ सप्टेंबर २०२१ पासून टेक्ससमध्ये २१ वर्षांवरच्या, कायद्याने अपात्र नसलेल्या माणसाला परवान्याशिवाय पिस्तूल बाळगता येतं. २०२४ पर्यंत अशी २९ राज्यं झाली. तरीही मी परवाना काढला, आणि तुम्हीही काढावा असं माझं स्पष्ट मत आहे. इथे जन्मलेला शेजारी ज्या चुकीसाठी दंड भरून मोकळा होतो, त्याच चुकीपायी आपल्यावर हद्दपारीची वेळ येऊ शकते. परवाना काढताना जो कायदा शिकावा लागतो, तो आपल्याला त्याच्यापेक्षा जास्त गरजेचा आहे.

बंदूक घ्यावी की नाही, हा ज्याच्या त्याच्या घरातला निर्णय. तो झाला असेल तर पुढचं वाचा.

१. सगळ्यात आधी स्वतःचा इमिग्रेशन दर्जा तपासा

एच-वन-बी, एच-फोर, एल-वन, एफ-वन, बी-टू (पर्यटक) यांपैकी कुठल्याही नॉन-इमिग्रंट, म्हणजे तात्पुरत्या व्हिसावर आलेल्या माणसाला बंदूक किंवा गोळ्या जवळ ठेवायला संघराज्याचाच कायदा मनाई करतो. टेक्ससचा कायदा कितीही सैल असला तरी ही मनाई हटत नाही. ग्रीन कार्डाच्या वाटेवरचा आय-१४० मंजूर आहे, आय-४८५ भरलाय, ईएडी (कामाची परवानगी) आलंय, यातल्या कशावरही विसंबू नका. हातात ग्रीन कार्ड येईपर्यंत थांबा.

या मनाईला वैध शिकार-परवान्याचा एक अपवाद आहे. काही दुकानदार तोच रस्ता सुचवतात: ऑनलाइन हंटिंग लायसन्स काढा आणि या. कागदावर तो अपवाद खरा आहे. पण ग्रीन कार्डाच्या रांगेत दहा-पंधरा वर्षं घालवलेल्या माणसाने इमिग्रेशन वकिलाला विचारल्याशिवाय त्या वाटेला जाऊ नये.

आता आपल्या लोकांच्या लक्षात न येणाऱ्या दोन गोष्टी.

पहिली म्हणजे घरात नवऱ्याचं ग्रीन कार्ड झालंय आणि बायको अजून एच-फोरवर आहे, किंवा उलट. अशा घरात बंदूक एकाची असली तरी सेफचा कोड दोघांना माहीत असेल, तर दुसऱ्याचाही त्या बंदुकीवर ताबा आहे असं सरकारी वकील म्हणू शकतो. कोड एकाकडेच ठेवा. "मी नसताना तुला लागली तर" हा विचार समजू शकतो, पण त्या जोडीदाराला कायद्याने ती हाताळायलाच बंदी आहे.

दुसरी म्हणजे रेंजवरची सहल. सहा महिन्यांसाठी आलेल्या आईबाबांना शनिवारी शूटिंग रेंजवर नेणं आणि बाबांच्या हातात पिस्तूल देऊन फोटो काढणं लोकांना अगदी साधी गंमत वाटते. बी-टू व्हिसावरच्या माणसाने भाड्याची बंदूक हातात घेणं हासुद्धा ताबाच. रेंजवाल्याने व्हिसा विचारला नाही म्हणून ते कायदेशीर होत नाही. तो फोटो नंतर फॅमिली ग्रुपवर फिरतो, हे वेगळंच.

आणि आता हद्दपारीचा मुद्दा. अमेरिकेच्या इमिग्रेशन कायद्यानुसार, नागरिक नसलेल्या माणसाला बंदुकीच्या खरेदी, मालकी, ताबा, वापर किंवा बाळगण्याशी संबंधित कुठल्याही गुन्ह्यात दोषी ठरवलं गेलं, तर तो हद्दपारीस पात्र ठरतो. गुन्हा छोटा की मोठा, शिक्षा किती, याला तिथे फारसं महत्त्व नाही. टेक्ससमधले फौजदारी वकील बरेचदा "डिफर्ड अ‍ॅडज्युडिकेशन" घ्यायला सांगतात. गुन्हा कबूल करायचा, ठरलेला काळ नीट वागायचं, मग शिक्षा नोंदली जात नाही. टेक्ससच्या दृष्टीने ती शिक्षा नसते, पण इमिग्रेशन कायदा तिला शिक्षाच मानतो. दुर्दैवाने अशी वेळ आलीच, तर फौजदारी वकिलाच्या शेजारी इमिग्रेशन वकील बसलेला असल्याशिवाय कशावरही सही करू नका.

२. परवाना लागत नसताना तो का काढायचा

टेक्ससच्या परवान्याचं नाव "लायसन्स टू कॅरी हँडगन", बोलताना सगळे एलटीसी म्हणतात. तो देतं राज्याचं डिपार्टमेंट ऑफ पब्लिक सेफ्टी, म्हणजे डीपीएस.

माझ्या दृष्टीने सगळ्यात मोठं कारण शाळा. संघराज्याचा कायदा शाळेच्या आवारापासून १,००० फुटांच्या पट्ट्यात बंदूक बाळगायला मनाई करतो. त्याच राज्याचा परवाना असलेल्या माणसाला त्यातून सूट आहे. आपल्या सबडिव्हिजनचा नकाशा काढून बघा: घरातून एचईबीला किराणा आणायला जाताना वाटेत एक तरी प्राथमिक शाळा लागतेच. परवाना नसलेला माणूस भरलेलं पिस्तूल घेऊन त्या रस्त्याने गेला, की टेक्ससच्या कायद्यात तो बरोबर आणि संघराज्याच्या कायद्यात गुन्हेगार. सहसा कुणी पकडत नाही हे खरं, पण वर हद्दपारीबद्दल वाचलंत ना?

बाकी कारणं थोडक्यात. लुइझियाना, ओक्लाहोमा, आर्कान्सा, न्यू मेक्सिकोसारखी शेजारची राज्यं हा परवाना मानतात. चार वर्षांच्या सरकारी विद्यापीठांच्या आवारात २०१६ पासून परवानाधारकाला पिस्तूल लपवून बाळगता येतं, बिनपरवाना नाही. आणि दुकानात खरेदीच्या वेळी एफबीआयची पार्श्वभूमी तपासणी नव्याने करावी लागत नाही.

३. पात्रता आणि कागदपत्रं

कायद्यात लिहिल्याप्रमाणे वय २१ पूर्ण आणि टेक्ससमध्ये किमान सहा महिने वास्तव्य. गंभीर गुन्ह्यात शिक्षा झालेली नसावी. घरगुती हिंसाचाराची किरकोळ वाटणारी शिक्षासुद्धा बंदुकीचा हक्क काढून घेते. इथे आपल्या लोकांना नडतं ते दारू पिऊन गाडी चालवणं. टेक्ससमध्ये पहिल्यांदा पकडलं गेलं तरी हा गुन्हा (डीडब्ल्यूआय) सहसा "क्लास बी मिसडिमीनर" असतो (किरकोळ गुन्ह्यांचा मधला वर्ग, क्लास ए त्याहून गंभीर), आणि क्लास ए किंवा बीची शिक्षा झाली की त्यापुढची पाच वर्षं परवाना मिळत नाही. चाइल्ड सपोर्ट किंवा राज्याचा कर थकवला असेल तरीही अर्ज अडतो.

अर्जाला बसण्याआधी हे जवळ घ्या:

– टेक्ससचं ड्रायव्हर लायसन्स, त्यावर आत्ताचा पत्ता
– ग्रीन कार्ड, किंवा नागरिक झाला असाल तर पासपोर्ट वा नॅचरलायझेशन सर्टिफिकेट
– सोशल सिक्युरिटी नंबर
– मागच्या काही वर्षांचे पत्ते आणि नोकऱ्यांची यादी
– पूर्वी कधी अटक वा खटला झाला असेल, तर निकालाची कोर्टाची प्रत

नावाचा घोळ आधी निस्तरा. आपल्याकडे मधलं नाव वडिलांचं किंवा नवऱ्याचं. ते ग्रीन कार्डावर पूर्ण असतं, ड्रायव्हर लायसन्सवर नुसतं आद्याक्षर, आणि लग्नानंतर बदललेलं आडनाव सोशल सिक्युरिटीत जुनंच. हे सगळं एकसारखं करून घेतलं, तर पुढे बोटांच्या ठशांपासून दुकानातल्या तपासणीपर्यंत कुठेही अडकत नाही.

४. अर्ज आणि ठसे

अर्ज डीपीएसच्या संकेतस्थळावर. फी ४० डॉलर. "टेक्सस गन परमिट" असं शोधलंत तर वर भलत्याच जाहिराती येतात. दुसऱ्याच राज्याचा परवाना किंवा कुचकामी प्रमाणपत्र जास्त पैशांना विकणाऱ्या साइटी त्यात असतात. पत्त्यात सरकारी डोमेन आहे ना, ते बघूनच कार्डाचा नंबर टाका.

अर्ज भरला की बोटांच्या ठशांची वेळ घ्यायची. हे काम आयडेंटोगोच्या केंद्रांवर होतं, त्याचे पैसे वेगळे. परवाना ज्या कामासाठी काढताय त्याचाच सेवा कोड निवडलाय ना, ते तपासा. ज्यांच्या बोटांच्या रेषा झिजल्यात (रोज भांडी-धुणं करणाऱ्या बायकांचं हे बरेचदा होतं), त्यांनी आदल्या काही रात्री हातांना तेल किंवा मॉइश्चरायझर लावावं आणि भेटीच्या आधी हात कोरडे पुसून जावं.

सगळे कागद पूर्ण पोहोचल्यापासून ६० दिवसांत निर्णय देणं डीपीएसवर बंधनकारक आहे. एखादा कागद राहिला असेल तर मात्र तो पोहोचेपर्यंत ते दिवस मोजले जात नाहीत.

५. वर्ग आणि रेंजवरची परीक्षा

वर्ग चार ते सहा तासांचा असतो. ऑनलाइनही करता येतो, पण नेमबाजीची परीक्षा मान्यताप्राप्त प्रशिक्षकासमोरच द्यावी लागते. पहिल्यांदाच बंदूक हातात घेणाऱ्याने वर्गही प्रत्यक्ष करावा असं मी आग्रहाने सांगेन. बळाचा वापर कधी कायदेशीर ठरतो, बाचाबाची मारामारीवर न जाऊ देता कशी मिटवायची, मुलांपासून बंदूक कशी दूर ठेवायची, हे विषय त्यात सक्तीचे आहेत. समोर बसून प्रश्न विचारता येणं इथे मोलाचं आहे.

परीक्षेत ५० गोळ्या: ३ यार्डांवरून २०, ७ यार्डांवरून २०, १५ यार्डांवरून १०. एकूण २५० गुण, उत्तीर्ण व्हायला १७५. माणसाच्या आकाराचं कागदी लक्ष्य असतं आणि पहिली दोन अंतरं इतकी जवळची असतात, की थोडा सराव केलेला माणूस सहज पास होतो. पहिल्यांदा सगळ्यांचं चुकतं ते एकाच ठिकाणी: आवाजाच्या भीतीने ट्रिगर ओढण्याच्या क्षणी मनगट खाली दबतं आणि गोळ्या डावीकडे खाली जातात. भाड्याच्या पॉइंट टू-टू (लहान गोळीच्या) पिस्तुलावर आधी एखादा तास घालवा. आवाज कमी, धक्का नाही, भीती मोडते. मग नाइन एमएम घ्या.

प्रशिक्षक एलटीसी-१०० नावाचं प्रमाणपत्र देतो. ते अर्जासोबत अपलोड करायचं.

६. पिस्तूल विकत घेताना

दुकानात फॉर्म ४४७३ भरावा लागतो. परवाना असला तरी हा फॉर्म सुटत नाही. त्यात खोटं लिहिणं हा स्वतंत्र गंभीर गुन्हा आहे, म्हणून घाईत चौकोन टिक करत सुटू नका. ग्रीन कार्डवाल्यांना आपला ए-नंबर (ग्रीन कार्डावरचा इमिग्रेशन क्रमांक) लिहावा लागतो. ओळखपत्रावरचा पत्ता राहत्या घराचाच हवा. अपार्टमेंट बदललंय आणि लायसन्स जुनंच आहे, तर नव्या पत्त्याचा दुसरा सरकारी कागद घेऊन जा, नाहीतर दुकानदार परत पाठवेल.

फॉर्ममध्ये गांजाबद्दल प्रश्न आहे, आणि राज्याने परवानगी दिली असली तरी संघराज्याच्या कायद्यात तो बेकायदाच, असा इशारा तिथेच छापलेला आहे. कोलोरॅडोच्या सहलीत खाल्लेल्या गमीज लोकांना औषधाच्या गोळीसारख्या वाटतात. सेवन चालू असेल तर बंदूक घेऊ नका.

कायद्याने बंदूक बाळगायला बंदी असलेल्या दुसऱ्या कुणासाठी स्वतःच्या नावावर बंदूक घेणं हा २०२२ च्या कायद्यानुसार १५ वर्षांपर्यंत कैदेचा गुन्हा आहे. "माझा अजून एच-वन आहे, तू तुझ्या नावावर घे, पैसे मी देतो" असं जवळच्या मित्राने म्हटलं, तर मैत्री जपूनच पण ठामपणे नाही म्हणा.

७. पिस्तूल कुठे न्यायचं नाही

हा भाग पाठ हवा. शाळा, कोर्ट, मतदान केंद्र, तुरुंग, व्यावसायिक खेळांचे सामने, विमानतळाचा सुरक्षित भाग, आणि निम्म्याहून जास्त उत्पन्न तिथेच प्यायच्या दारूतून मिळवणारा बार, ज्याच्या दारावर लाल अक्षरांत "५१%" लिहिलेलं असतं. संघराज्याच्या सरकारी इमारतीही त्यातच: सोशल सिक्युरिटीचं ऑफिस, आणि ज्या यूएससीआयएसच्या (इमिग्रेशन खात्याच्या) ऑफिसात तुम्ही नागरिकत्वाच्या मुलाखतीला जाणार, तेसुद्धा.

खासगी जागांसाठी पाट्यांचे क्रमांक ओळखायला शिका. "३०.०६" ही पाटी परवानाधारकाला लपवून बाळगायला मनाई करते, "३०.०७" उघडपणे बाळगायला, आणि "३०.०५" बिनपरवाना बाळगणाऱ्यांसाठी आहे. ३०.०६ ची पाटी इंग्रजी आणि स्पॅनिश दोन्हींत, किमान एक इंच उंचीच्या अक्षरांत, ठळक दिसेल अशी लागते. पाटी डावलून आत गेलात तर २०० डॉलरपर्यंत दंड, पण तोंडी सांगूनही बाहेर पडला नाहीत तर गुन्हा एकदम क्लास ए होतो. पाटी असो वा नसो, यजमानाने किंवा मंदिराच्या स्वयंसेवकाने सांगितलं की तत्काळ बाहेर पडा, तिथे वाद घालू नका.

आता आपल्या मंडळांचा प्रश्न. गणेशोत्सव, दिवाळी पहाट, नाटकाचा प्रयोग: हॉल स्वस्त मिळतो म्हणून मंडळं बरेचदा शाळेचं सभागृह किंवा कॅफेटेरिया भाड्याने घेतात. रविवार आहे, शाळा बंद आहे, कार्यक्रम आपला आहे, तरी इमारत शाळेचीच. तिथे बंदूक चालत नाही. आमंत्रणावरचा पत्ता नीट वाचा आणि अशा दिवशी पिस्तूल घरी सेफमध्येच ठेवा. टेक्ससच्या कायद्यात पार्किंग लॉट इमारतीत मोजला जात नाही, म्हणून गाडीत कुलूपबंद ठेवता येतं. पण गाडीतून बंदुका चोरीला जाण्याचं प्रमाण इतकं आहे, की आरतीच्या तासाभरासाठी तो धोका पत्करण्यात शहाणपण नाही.

दारू प्यायला जाणार असाल त्या दिवशीही तेच. नशेत पिस्तूल बाळगणं हा गुन्हा आहे.

८. पोलिसाने गाडी थांबवली तर

गाडी कडेला घ्या, इंजिन बंद, रात्र असेल तर आतला दिवा लावा, काच खाली, दोन्ही हात स्टिअरिंगवर वरच्या बाजूला. पोलिसाने ओळखपत्र मागितलं आणि पिस्तूल जवळ असेल, तर टेक्ससच्या कायद्यानुसार ड्रायव्हर लायसन्ससोबत एलटीसीही दाखवायचा. मी म्हणेन, खिशात हात घालण्याआधीच शांतपणे सांगा: "ऑफिसर, माझ्याकडे परवाना आहे आणि पिस्तूल उजव्या कमरेला आहे. मी काय करावं, सांगा." तो सांगेल तसं आणि तेवढंच करा. हात दाखवून "इथे आहे" करायचं नाही.

इन्शुरन्सचं कार्ड आणि पिस्तूल एकाच ग्लव्ह बॉक्समध्ये कधीही ठेवू नका. कार्ड काढायला दार उघडलं आणि पोलिसाला आधी पिस्तूल दिसलं, तर पुढचे काही सेकंद तुमच्या हातात राहत नाहीत. कार्ड सनवायझरला लावा.

९. घरात मुलं असतील तर

टेक्ससमध्ये निष्काळजीपणे ठेवलेली भरलेली बंदूक १७ वर्षांखालच्या मुलाच्या हाती लागली तर तो गुन्हा आहे, आणि त्यातून कुणी गंभीर जखमी झालं वा दगावलं तर तो क्लास ए होतो. पण इथे कायद्याचा धाक दाखवायची गरज पडू नये. कपाटात साड्यांच्या खाली, देवघरामागे, गादीखाली: मुलांना या जागा आपल्याआधी माहीत असतात. जमिनीला किंवा भिंतीला बोल्ट केलेली सेफ घ्या. तिचा खर्च पिस्तुलाच्या खर्चात धरूनच पिस्तूल घ्यायचं की नाही ते ठरवा. पॉटलकला घर भरतं तेव्हा दुसऱ्यांची मुलंही वरच्या मजल्यावर फिरत असतात.

अमेरिकेत बंदुकीने होणाऱ्या मृत्यूंपैकी निम्म्याहून जास्त आत्महत्या असतात. घरात कुणी नैराश्यातून जात असेल, मग ते कॉलेजमधलं मूल असो वा तुम्ही स्वतः, तर बंदूक काही काळ घराबाहेर सुरक्षित ठेवण्याची सोय करा. ९८८ या क्रमांकावर दिवसरात्र कधीही बोलता येतं.

१०. राज्याची सीमा ओलांडताना

जून २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टाने ब्रूएन खटल्यात सांगितलं, की घराबाहेर पिस्तूल बाळगणं हा घटनेने दिलेला हक्क आहे. त्यावरून पुष्कळांचा समज झाला की एक परवाना देशभर चालतो. तसं नाही. कॅलिफोर्निया, न्यू यॉर्क, न्यू जर्सी टेक्ससचा परवाना मानत नाहीत.

२०१३ मध्ये फिलाडेल्फियातली एक महिला, दोन मुलांची आई, मागे कुठलाही गुन्हा नाही, पेनसिल्व्हेनियाचा परवाना बाळगून न्यू जर्सीत शिरली. पोलिसाने गाडी थांबवली तेव्हा तिने स्वतःहून परवाना आणि पिस्तूल असल्याचं सांगितलं. तिला अटक झाली आणि कित्येक वर्षांच्या सक्तीच्या कैदेची तलवार डोक्यावर आली. गाजावाजा झाल्यावर तुरुंग टळला, २०१५ मध्ये गव्हर्नरने माफी दिली. ती अमेरिकन नागरिक होती. ग्रीन कार्डवाल्याने तिच्या जागी स्वतःला ठेवून बघावं. न्यू जर्सीतल्या एडिसनला भावाकडे जाताना पिस्तूल घरी ठेवणं एवढं एकच उत्तर उरतं.

अशा राज्यातून फक्त जायचंच असेल, तर १९८६ च्या संघराज्य कायद्याचा आधार आहे: बंदूक रिकामी, डिकीत कुलूपबंद, हाताशी नाही, आणि निघण्याच्या व पोहोचण्याच्या दोन्ही जागी बाळगणं कायदेशीर. हा आधार पातळ आहे. २००५ मध्ये युटाच्या एका प्रवाशाचं नेवार्कला पुढचं विमान चुकलं, बॅग हातात मिळाली, तो रात्री हॉटेलात राहिला आणि सकाळी विमानतळावर नियमाप्रमाणे पिस्तूल जाहीर करायला गेला, तर अटक. वरच्या कोर्टानेही २०१० मध्ये म्हटलं, की हॉटेलच्या मुक्कामात बंदूक त्याच्या हाताशी होती, म्हणून संरक्षण लागू नाही. अशा राज्यांत मुक्काम होईल असा प्रवास आखू नका.

राष्ट्रीय उद्यानांत २०१० पासून त्या त्या राज्याचा कायदा लागतो, मात्र तिथल्या व्हिजिटर सेंटरसारख्या सरकारी इमारतींत मनाईच.

११. विमान आणि भारतवारी

देशांतर्गत विमानात पिस्तूल फक्त चेक-इन सामानात: रिकामं, कडक कवचाच्या कुलूपबंद पेटीत, काउंटरवर सांगून. हँडबॅगेत सापडलं तर हजारो डॉलरचा दंड होऊ शकतो, प्रीचेक (विमानतळावरच्या जलद तपासणीची सोय) जातं, आणि फौजदारी प्रकरण वेगळं.

भारतात जाताना बंदूक नेण्याचा प्रश्नच नाही. गोत्यात आणते ती सुटी गोळी. रेंजला नेलेली सॅक धुऊन तीच भारतवारीला घेतली जाते, आणि आतल्या जाळीच्या कप्प्यात नाइन एमएमचं एक काडतूस राहिलेलं असतं. मुंबई किंवा पुण्याच्या विमानतळावर एक्स-रेमध्ये ते दिसलं, की १९५९ च्या शस्त्र कायद्याखाली गुन्हा नोंदवला जातो. "माहीत नव्हतं" हे कोर्टात सिद्ध करता येतं, उच्च न्यायालयांनी अशी प्रकरणं रद्दही केली आहेत, पण तोवर सुट्टी, विमान आणि नोकरीवर परतायची तारीख सगळं गेलेलं असतं. रेंजची बॅग वेगळी ठेवा आणि ती प्रवासाला कधीच काढू नका. रेंजला घातलेल्या जॅकेटचे खिसेही उलटे करून बघा.

१२. परवाना मिळाल्यावर

पहिला परवाना साधारण चार वर्षांचा, नूतनीकरणानंतर पाच वर्षांचा. घर बदललं किंवा नाव बदललं की ३० दिवसांत डीपीएसला कळवायचं. नागरिकत्वाच्या शपथेच्या वेळी नाव बदलून घेणाऱ्यांनी हे विशेष लक्षात ठेवावं. टेक्ससचं विधिमंडळ विषम वर्षांत बसतं आणि नवे कायदे बहुतेक १ सप्टेंबरला लागू होतात, तेव्हा त्या वर्षी ऑगस्टच्या शेवटी डीपीएसच्या संकेतस्थळावरचे बदल वाचून घ्या. दुसऱ्या राज्यात जायचं असेल तर तिथली यादी निघायच्या आठवड्यात पुन्हा बघा, मागच्या वर्षीच्या माहितीवर निघू नका.